अर्धा पुसलेला शिक्का

१७ ऑक्टोबर

छकुले,
अनेक आशीर्वाद.

तुझा परतीचा प्रवास नीट झाला असेल. इकडे सगळं ठीक. छापखान्यात एका व्याकरणाच्या पुस्तकाची मुद्रितं तपासायला आली आहेत, त्यात डोकं खुपसून बसतो. गॅलरीतला नळ गळत होता, तो दुरुस्त केला. आईच्या पाळणाघरातल्या छोट्या गाद्या अजून तशाच रचलेल्या आहेत. हात लावायचं धाडस होत नाही.

बातमी अशी, की पाळणाघराचा परवाना आला. नूतनीकरण मंजूर, आणखी तीन वर्षांसाठी, आईच्या नावाने. कोर्टाने दिलेल्या चार आठवड्यांतल्या अगदी शेवटच्या दिवशी परवाना ऑफिसातल्या साहेबांनी सही केली. आई जाऊन तोवर नऊ दिवस झाले होते.

निघताना तू दारात म्हणालीस, "दादा, त्या ऑफिसनेच आईला संपवलं." मी मान डोलावली. तेव्हापासून हे पत्र मनात लिहितोय.

ऑफिसने वर्षभर अर्ज दाबून ठेवला, हे खरं. पण पाळणाघर बंद करा असं त्यांनी कधीच सांगितलं नव्हतं. मी चौकशीला गेलो, तेव्हा तिथल्या कारकुनाने अर्जाच्या प्रतीवर शिक्का मारून दिला. शाई पुसट, सुरुवातीचं अक्षर गायब. मी वाचलं 'निलंबित'. होतं 'प्रलंबित'. एका अक्षराचा फरक, छकुले! तीस वर्षं लोकांच्या वेलांट्या सुधारणाऱ्याने घरचाच शिक्का चुकीचा वाचला. तू फोनवर म्हणालीही होतीस, पुन्हा एकदा विचारून तरी ये. मी फणकारलो, शब्द मला शिकवू नकोस. दुसऱ्या दिवशी कुलूप मीच लावलं.

आईला वाटलं, निलंबित म्हणजे आपल्या हातून काहीतरी वावगं घडलं. आठ महिने ती ते शोधत होती. "त्या चावऱ्या मुलीला मी रागावले होते, तिच्या घरच्यांनी तक्रार केली असेल का रे?" दुसऱ्या दिवशी, "एकदा दोघांच्या दुधाच्या बाटल्या बदलल्या होत्या, तेच असणार." रस्त्यात एखाद्या मुलाचे आईवडील दिसले, की ती पलीकडच्या बाजूने जायची.

शेवटी आपल्या पाळणाघरातच वाढलेली ती वकीलबाई मदतीला आली. कागद बघून म्हणाली, "दादा, हे तर प्रलंबित आहे. अर्ज मुदतीत दिलाय, मग निर्णय होईपर्यंत जुना परवाना चालूच धरतात. बंद कुणी करायला लावलं?" मी म्हणालो, आईची तब्येत बरी नव्हती. धडधडीत खोटं! तिने समजावलं, कोर्ट स्वतः परवाना देत नाही. अमुक दिवसांत हो की नाही ते सांगा, एवढं ऑफिसला बजावतं. मला तेवढं पुरे होतं. परवाना हातात पडला, की माझी चूक झाकली जाईल.

तिने कोर्टात दाद मागितली. आदेश आला, तोवर आईने अंथरूण धरलं होतं. मी आईला फक्त शेवटची ओळ वाचून दाखवली, चार आठवड्यांत निर्णय घ्यावा. तिने विचारलं, "आणि माझं काय चुकलं, ते लिहिलंय का त्यात?"

"तसं काही लिहिलेलं नाही," मी म्हणालो. अक्षरशः खरं होतं ते.

ती भिंतीकडे तोंड करून म्हणाली, "लिहिलं असतं तर बरं झालं असतं रे. माफी तरी मागितली असती."

एकोणिसाव्या दिवशी ती गेली. सांगायला माझ्याकडे एकोणीस दिवस होते, आणि मी रोज तिला औषध देऊन कामावर जात होतो.

आदेशाची प्रत सोबत पाठवतो. तिसऱ्या परिच्छेदात हे वाक्य आहे: 'अर्जदाराविरुद्ध एकही तक्रार नाही, परवाना कधीही निलंबित झालेला नव्हता.' आईला हे ऐकायचं होतं. मी ते बोटाने झाकून पुढचं वाचलं.

माफ कर असं लिहायला हात धजत नाही. पण आईचं पाळणाघर का बंद पडलं असं कुणी विचारलं, तर ऑफिसचं नाव घेऊ नकोस. माझं घे.

तुझा, अजून म्हणावंसं वाटलं तर,
दादा