बाबांची कुलुपं काचेत

प्रिय दादा,

बाबांची कुलुपं संग्रहालयाला दिल्यापासून तू माझ्याशी बोलत नाहीस. परवा वहिनीने फोनवर विचारलं, "बाबा कुलुपांची आठवण काढतात का?" प्रश्न तुझा होता, हे मला कळलं.

रविवारी मी बाबांना संग्रहालयातलं कुलुपांचं दालन दाखवायला नेलं. घरी कोणी आलं की बाबा आधी किल्ली हातात द्यायचे. कुलूप उघडलं तरच चहा. तिथे सगळी कुलुपं काचेत आहेत. बाबा प्रत्येक कपाटासमोर थांबले. मला वाटलं, आता माझी खरडपट्टी निघणार. ते म्हणाले, "कोण हा गृहस्थ? माझी कुलुपं याच्या पासंगालाही पुरायची नाहीत."

"बाबा, ही तुमचीच आहेत."

"मला बरं वाटावं म्हणून काहीतरी बोलू नकोस." मग पहारेकऱ्याला म्हणाले, "अहो, तुमच्या मालकांना सांगा, काचेत कोंडू नका. लोकांना उघडून बघू द्या."

"सांगतो, आजोबा," तो हसून म्हणाला.

बाहेर पडताना बाबा मला म्हणाले, "त्या गृहस्थांना एकदा घरी बोलव. आपल्याकडची दाखवू."

घरी भिंतीवर नुसते खिळे आहेत. तरी दाराची बेल वाजली की ते विचारतात, "आले का ते?"

बाबा तुला ओळखतील असं नाही. पण प्रत्येक कुलपाची गोष्ट त्यांच्यानंतर तुलाच ठाऊक आहे. तो गृहस्थ म्हणून तू येशील का?

एवढंच विचारायचं आहे, तरी हे पत्र पेटीत टाकवत नाही.

तुझी वाट बघणारी,
धाकटी