शेवटचा फर्मा

बाबा, पर्लकोटा नदीच्या पुलावरून पाणी चाललंय आणि तुमची नात पलीकडे आहे. तुम्ही तिला पाहिलं नाही, तुम्ही गेल्यावर बऱ्याच वर्षांनी ती झाली. डॉक्टर झाली, आणि नागपुरात चांगली नोकरी चालून आली असताना भामरागडच्याही पुढं, नाल्यापलीकडच्या एका गावात दवाखाना सांभाळायला जाऊन बसली. सुट्टीला इकडे ब्रह्मपुरीला आली होती. चार दिवसांपूर्वी परत गेली आणि संध्याकाळी तिचा फोन आला, "आई, पोचली मी." पुढं काहीतरी बोलणार होती, तेवढ्यात लाईन कटली. तेव्हापासून फोन बंद आहे. तुमचे जावई सकाळपासून बातम्या लावून बसलेत, तहसीलला फोन करून झाला, ओळखीच्या पोलिसाला करून झाला. सगळे एकच सांगतात, रस्ता बंद आहे, टॉवर बंद आहे, पाणी उतरलं की कळेल. मला माहीत आहे हो की दर पावसाळ्यात तिकडे असंच होतं. तुमच्यामुळं माझं अर्धं बालपण हेच ऐकण्यात गेलं. पण मला भीती वाटते ती पाण्याची नाही. ती त्या दोन शब्दांची आहे. "पोचली मी."

तुम्हाला आठवत असेलच. तुमचेच शब्द आहेत ते. तीन नद्यांपलीकडच्या गावी बिनतारी यंत्र दुरुस्त करायला जाणाऱ्या त्या पोरीची तुमची कादंबरी. ते यंत्र आहे त्या जंगलातल्या ठाण्यावरून कसला तरी आवाज येतोय, माणसाचाही नाही आणि जनावराचाही नाही, आणि तो ऐकणारा माणूस परत येत नाही. ती पोरगी नदी ओलांडते, गावात शिरते, तर गावात कोणी नाही. चुलीतले निखारे अजून लाल आहेत, अंगणात मोहफुलं वाळत पडली आहेत, आणि माणूस म्हणून नाही. ती ठाण्यावर जाते, यंत्र उचलते, म्हणते, "मी पोचले." आणि पुस्तक संपतं. तिथंच. मी रोज पोरांना विज्ञान शिकवते, वर्गात सांगते की योगायोगाला कारण नसतं. आणि चार दिवस झाले, ते दोन शब्द डोक्यातून जात नाहीत.

तुमच्या साठाच्या वर पुस्तकांपैकी हे एकच तिनं पुन्हा पुन्हा वाचलं. बाकीची तिला गमतीची वाटायची. कुरखेड्याच्या बांधावर उतरलेलं यान, आणि त्यातला पाहुणा धानाच्या चिखलात पाय रुतून बसलेला, बाई त्याला अंबाडीची भाजी वाढते ती. चंद्रपूरच्या कोळशाच्या खाणीखाली अडकलेला जुना सूर्य. सगळी माणसं तोंडाला फडकी बांधून घरात बसतात ते गाव. ते वाचून ती हसायची, म्हणायची, "आबाजींना कसं काय सुचलं असंन?" मग काही वर्षांपूर्वी आपण सगळेच तोंडाला फडकी बांधून घरात बसलो, तेव्हा ती हसायची थांबली. मीही. त्या दिवसांत मी तुमची पुस्तकं कपाटात वरच्या फळीवर ठेवली आणि समोर स्टीलचे डबे लावले. कोणती पुस्तकं अजून खरी व्हायची राहिली आहेत ते मला पाहायचं नव्हतं.

आणि लिहिलीत तरी कुठं बसून! लाल गाडीचे कंडक्टर तुम्ही, मुक्कामी गाडीवर ड्युटी. शेवटची गाडी गावात थांबायची, ड्रायव्हर सीटवर आडवा व्हायचा, आणि तुम्ही तिकिटांची पेटी मांडीवर घेऊन तिच्यावर कागद ठेवून लिहायचे. भामरागडकडची ड्युटी तर तुम्ही मागून घ्यायचे. पावसाळ्यात गाडी पलीकडे अडकली की चार-चार, आठ-आठ दिवस पत्ता नसायचा. आई डेपोत जाऊन यायची. तिथले लोक सांगायचे, "बाई, पानी उतरलं का येतेत भाऊ. काऊन भेव घेता?" आई परत येऊन कामाला लागायची. मी तिच्या मागं मागं फिरायची, कारण ती गप्प असली की मला जास्त भीती वाटायची. मग एक दिवस तुम्ही दारात उभे. दाढी वाढलेली, अंगाला ओल्या गाडीचा वास, आणि पिशवीत नवं पुस्तक लिहून झालेलं. तुम्ही खुशीत असायचे. आम्ही दोघी वाळून गेलेल्या असायचो ते तुम्हाला दिसायचंच नाही. आज सांगते, मला तेव्हा तुमचा फार राग यायचा.

आईला तुमचं लिहिणं आवडत नव्हतं असं नाही. तुमचा फोटो छापून आला की ती शेजारणीला दाखवायची. पण भीतीचं लिहिलेलं तिला चालत नसे. ती जंगलाकाठच्या गावातली. तिच्याकडे जंगलात गेलं की वाघाचं नाव घेत नाहीत, नाव घेतलं की येतो म्हणतात. सरपणाला, मोहफुलाला बायका जातात तेव्हा "मामा" म्हणतात, नाहीतर काहीच म्हणत नाहीत. मला ते जेवण आठवतं. तुम्ही भात कालवता कालवता तुमची नवी गोष्ट सांगत आहात, आणि आई पळी हातात धरून थांबली आहे.

"असं काऊन लिहिता तुमी? लिहिलेलं खरं होते."

"अवो, मी वाघ नाई लिहून राह्यलो. यंत्र लिहून राह्यलो. यंत्राले कान नाईत."

"तुमाले काय माहीत, नाईत म्हून?"

तुम्ही हसलात. मीही हसले, तुमच्या बाजूनं. आई हसली नाही, तिनं तुमच्या पानात वरण वाढलं.

त्या कादंबरीचा शेवट, बाबा, मला तुम्हाला तो विचारायचा आहे. कारण छापलं गेलं तो शेवट नव्हताच. नागपूरचे तुमचे प्रकाशक पैशाची ओढ पडली की बांधणीच करत नसत. छापलेले कागद सोळा-सोळा पानांच्या घड्या घालून गठ्ठे बांधून गाडीनं आपल्या घरी पाठवत, एकेका घडीला तुम्ही फर्मा म्हणायचे. मग आपण घरीच पुस्तक बांधायचो. आई गव्हाच्या पिठाची खळ शिजवायची, तुम्ही दाभणानं शिवायचे, मी वरचं चित्र चिकटवायची. माझ्या बोटांना आठ-आठ दिवस तो आंबूस वास असायचा. त्या पावसाळ्यात गठ्ठे आले आणि तुम्ही पलीकडे अडकलात. डेपोत विचारलं तर तेच उत्तर. आणि एका दुपारी मी शाळेतून आले तर आई चुलीपुढं बसली होती आणि शेवटच्या फर्म्याचा गठ्ठा एकेक करून चुलीत घालत होती. मी विचारलं तर म्हणाली, "सरपन ओलं झालं, काय करू?"

दुसऱ्या दिवशी तुम्ही आलात. गठ्ठे मोजलेत, इकडे तिकडे पाहिलंत. "शेवटचा फर्मा कुठी आहे?" आईनं तेच सांगितलं. मला वाटलं आता घरात वादळ होणार, मी कोपऱ्यात सरकले. तुम्ही वर पाहिलंत, म्हणालात, "बरं." पुन्हा छापायला प्रकाशकाकडे दमडी नव्हती. आधीच्या फर्म्याच्या शेवटी नेमकं प्रकरणही संपत होतं, म्हणून पुस्तक तसंच बांधलं गेलं, "मी पोचले" वर संपणारं. आणि गंमत अशी की लोकांना तोच शेवट आवडला. पोस्टकार्डांवर पोस्टकार्डं. वडश्याहून एक मास्तर भेटायला आले, म्हणाले, काय शेवट केला हो, अंगावर काटा आला. मी फुशारकीनं सांगायला गेले, "काका, पुढची पानं तर आमच्या चुलीत..." तुम्ही मला त्यांच्यादेखत झापलं. "चूप बस पोट्टे. तुले काय समजते? आहे तोच शेवट." तुम्ही मला कधी रागावत नव्हता, म्हणून ते अजून लागतं. नंतर किती वेळा विचारलं, ती परत येते का हो बाबा? तुम्ही दर वेळी म्हणायचे, "तुले काय वाटते?"

मला काय वाटतं ते विचारू नका आता. मला सांगा. ती परत येते का?

इथवर काल दुपारी लिहिलं आणि उठले. पुढं लिहवेना. डबे बाजूला करून ते पुस्तक काढलं. शेवटचं पान उघडलं. "मी पोचले." खाली कोरी जागा, आणि बोटाला तो खळीचा कडकपणा. मी स्वयंपाकघरात गेले, गॅस लावला. चहा ठेवायचा होता का? नाही. गॅसवर भांडं नव्हतं. ते पान मी फाडलं, टरकन, आणि ज्योतीवर धरलं.

आणि धरलं तेव्हा मला आई दिसली. त्या दुपारची. चुलीवर काहीच शिजत नव्हतं, बाबा. भात नाही, पाणी नाही, काही नाही. नुसती चूल पेटलेली. आणि सरपण कुठून ओलं असणार? आपलं सरपण चुलीच्या वरच्या माळ्यावर असायचं, धुरानं काळं, खडखडीत वाळलेलं. तिनं चुलीत घालण्याआधी एक फर्मा मांडीवर उघडला होता. बोट ओळीवरून फिरत होतं, ओठ हलत होते. ती अक्षरं लावून लावून वाचायची, म्हणून तुमची पुस्तकं ती वाचतच नाही असं आपण दोघं धरून चाललो होतो. मला वाटलं होतं, ती काहीतरी शोधते आहे. ती शेवट वाचत होती. नवरा नदीपलीकडे, आणि त्याच्या हातचं लिहिलेलं, नदीपलीकडे गेलेल्याचं काय होतं ते. ती पोरगी परत येत नसेल, नाहीतर आईनं ते जाळलं नसतं. कागद म्हणजे सरस्वती म्हणून रद्दीलाही पाय लागू न देणारी बाई ती.

आणि तुम्हाला कळलं होतं. तुम्ही वर पाहिलं ते माळ्याकडे. कोरडं सरपण पाहिलंत आणि "बरं" म्हणालात. मास्तरांसमोर मला झापलंत ते तिची लाज राखायला. पुढं भामरागडची ड्युटी मागून घेणं तुम्ही कधी बंद केलं, ते मी आज आठवून पाहते आहे. मला वाटतं, तोच पावसाळा शेवटचा. इतकी वर्षं मला वाटत होतं की आपल्या घरात भिणाऱ्या आई आणि मी, दोघीच होतो.

ते पान जळायला काहीच वेळ लागला नाही. बाहेरून तुमच्या जावयांनी विचारलं, "काय जळून राह्यलं वो?" मी म्हटलं, "दूध उतू गेलं." काळी राख ओट्यावर पडली होती, ती फडक्यानं पुसली. विज्ञानाची बाई मी, बाबा. उद्या वर्गात जाऊन कुठल्या तोंडानं शिकवू?

आज सकाळी फोन आला. कुठल्या तरी पोलिसांच्या फोनवरून, आवाज येत-जात होता. "आई, मी बरी आहो. एक बाळंतपण होतं, नाल्याला पूर, दोन दिवस त्यांच्याच घरी होती मी. काऊन रडून राह्यली तू?" मी म्हटलं, रडत नाही, सर्दी आहे. म्हटलं, पाणी उतरलं की घरी ये, आता पुरे, इकडेच बघू काहीतरी. ती हसली. म्हणाली, "नाई आई. पुढच्या पावसाळ्यातही मी इथीच राहीन. इथी कोनी टिकत नाई." मग तिनंच विचारलं, "आबाजींचं ते पुस्तक आहे ना नीट? आली की घेऊन जातो म्हणते मी, इथी वाचाले."

मी म्हटलं, आहे.

फोन ठेवल्यावर तुमचे जावई देवापुढं दिवा लावायला गेले. मी स्वयंपाकघरात येऊन हे लिहिते आहे. एक पान जाळलं आणि पोरगी बोलली, या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, हे मला कळतं. कोणालाही विचारलं तरी तेच सांगेल, मीही तेच सांगते. हे पत्र तुम्हाला कुठं पाठवणार, आणि दुसऱ्या कोणाला दाखवायची माझी हिंमत नाही. तुम्हाला तेवढं सांगते. ते पुस्तक मी पुन्हा फळीवर ठेवलं नाही. ती मागेल तेव्हा वाळवीनं खाल्लं म्हणेन. उरलेली पानं सुटी करून, प्लास्टिकमध्ये घट्ट बांधून, आगपेटीजवळ ठेवली आहेत. पावसाळ्याला एक धरलं, तरी पुष्कळ वर्षं पुरतील.