शिट्टी वाजवून निघालेली सहल

सोमवार, ४ नोव्हेंबर
शेवटी मी हो म्हणालो. येत्या रविवारी टूर. एका दिवसाची. आधी विणकरांचं गाव, मग प्राचीन नगरीचे अवशेष, शेवटी कुंभारांचं गाव. संध्याकाळी परत. बुकिंग लेकीने परस्पर केलं. म्हणे माझ्या रिटायरमेंटची भेट. शाळा सुटल्यापासून मी घरात बसून तिच्या आईचं डोकं खातो, असंही फोनवर म्हणाली. हे साफ चूक आहे. मी बसत नाही.

खरं तर टूर सौ.साठी आहे. लग्न झाल्यापासून तिने स्वतःसाठी काही मागितल्याचं मला आठवत नाही. आता मागितलं. तिला चाकावर बसून स्वतःच्या हाताने एक मडकं करायचंय. लहानपणी तिच्या घरामागे एक कुंभार राहायचा. ही तासन्‌तास बघत उभी असायची, पण चाकाला हात कधी लावायला मिळाला नाही. तिची एकच अट : तिथे गेल्यावर घाई करायची नाही. मी शब्द दिला.

मंगळवार, ५ नोव्हेंबर
संकल्प. घाई नाही. कोणाला काही शिकवायचं नाही. शिट्टी घरी.

शिट्टीचं कलम सौ.ने घालायला लावलं. उभी नोकरी ड्रिलमास्तर म्हणून काढली, शिट्टी गळ्यात. आता गळा मोकळा मोकळा वाटतो. पोरं मला पाठीमागे ‘सावधान’ म्हणायची. आता सोसायटीतले लोक तोंडावर म्हणतात. प्रेम आहे.

बुधवार, ६ नोव्हेंबर
निवांत बसण्याची प्रॅक्टिस. बाल्कनीत खुर्ची टाकली. बसलो. खालच्या मजल्यावरच्याने स्कूटर तिरकी लावली होती. उतरून सरळ करून आलो. बसलो. नळ टपकतोय असं वाटलं. टपकत नव्हता. बसलो. वर्तमानपत्रवाला अजून का आला नाही म्हणून कोपऱ्यापर्यंत जाऊन आलो. तो येऊन गेला होता. सौ.ला विचारलं, किती वेळ बसलो असेन? ती म्हणाली, चहा अजून उकळला नाही.

प्रगती आहे. पहिलाच दिवस.

शुक्रवार, ८ नोव्हेंबर
टूर ऑफिसला फोन करून वेळापत्रक समजून घेतलं. फोनवरची मुलगी फार गोड बोलली. दुसऱ्या फोनला जरा कमी. नंतर कोणीतरी वयस्कर माणूस उचलायला लागला आणि माझा आवाज ऐकताच ‘बोला, सर’ म्हणायला लागला. आवाजात अधिकार असला की कळतो.

गंभीर बाब उघडकीला आली. कुंभारांच्या गावात फक्त पाऊण तास! त्यात उतरायचं, रांग लावायची, हात धुवायचे. मडकं कधी करायचं? सौ.ला सांगितलं नाही, उगाच जिवाला घोर. त्यापेक्षा मीच मार्ग काढला. आधीच्या दोन ठिकाणी वेळ वाचवायचा आणि तो सगळा कुंभारांकडे वापरायचा. म्हणजे आधी घाई करायची, ती तिथे घाई होऊ नये म्हणून. शब्द मोडत नाही. अटीत ‘तिथे गेल्यावर’ असं स्पष्ट आहे.

शनिवार, ९ नोव्हेंबर
शिट्टी कोटाच्या आतल्या खिशात ठेवली. नेतोय, वाजवणार नाही. भिंतीवर आग विझवायचं नळकांडं असतं म्हणून कोणी रोज ते फवारत बसत नाही.

सौ.ने जुनी सुती साडी काढून ठेवली, चिखलाने खराब झाली तरी चालेल अशी. इस्त्री करताना गुणगुणत होती. मी दारात उभा राहून ऐकलं. बरं वाटलं.

रविवार, १० नोव्हेंबर. पहाटे
चौकात सगळ्यांच्या आधी आम्ही. बसच्याही आधी. झाडूवाल्याच्याही आधी. सौ. बंद दुकानाच्या पायरीवर बसून डुलक्या घेतेय. तिला म्हटलं, बघ, किती वेळ वाचला. तिने डोळे उघडले नाहीत.

रविवार, सकाळी, बसमध्ये
गाईड एक तरुण मुलगी. पिवळी छत्री उंच धरते, तिच्यामागे सगळ्यांनी जायचं. पद्धत चांगली आहे, पण आवाज पोटातून काढत नाही. ड्रायव्हर गलेलठ्ठ, शांत. गावातल्या सिटी बसवर जन्म घालवला, आता रिटायर होऊन टूरवर. आपल्यातलाच माणूस. सौ.च्या शेजारी एका कॅशियरची आई, कॅशियर स्वतः मागच्या सीटवर. दोघींचं लगेच जमलं. मी उभ्यानेच प्रवास करतोय. सगळ्यांवर नजर राहते.

रविवार, विणकरांच्या गावात
इथे एक किरकोळ प्रकार झाला. विणकर माग चालवून दाखवत होता. फारच तपशीलवार. मी घड्याळ नीट दिसावं म्हणून उजेडाकडे सरकलो आणि हात टेकला. टेकायला जी गोष्ट होती ती ताणलेले धागे निघाले. बरेच तुटले. विणकराने माग थांबवला. बैठक मारून एकेक धागा गाठ मारून जोडायला लागला. धागे कसे जोडतात हे टूरमध्ये नव्हतं, माझ्यामुळे सगळ्यांना बघायला मिळालं. त्याच्या बायकोने माझ्यासाठी खास बाहेर अंगणात खुर्ची ठेवली. बाकी कोणाला खुर्ची नव्हती.

मात्र गाठी मारणं संपेपर्यंत छत्रीवाली हलेना. आपल्या माणसाने नुकसान केलं, असं सोडून जाता येत नाही म्हणाली. अर्धा तास गेला. सौ.ने घड्याळाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी डोळ्यांनीच सांगितलं, काळजी करू नकोस, अवशेषांत भरून काढतो.

रविवार, दुपार, अवशेषांत
जेवण उरकलं. प्राचीन नगरी फार मोठी आहे आणि छत्रीवालीला प्रत्येक दगडाबद्दल काहीतरी सांगायचंय. हे न्हाणीघर, हे गटार, हे धान्याचं कोठार. गटारापाशी मी सुचवलं की सगळ्या जगात गटार सारखंच. कॅशियर हसला. ती हसली नाही. तिने मोकळं फिरायला वेळ दिला. मोकळं! अशाने माणसं पांगतात.

सौ. म्हणाली, दगड पुरे झाले, गुडघे बोलायला लागलेत, मी बसमध्ये जाऊन बसते. कॅशियरची आई आणि आणखी काही जण तिच्याबरोबर गेले. तिचा फोन माझ्या खिशात आहे. ती हरवते, म्हणून मी सांभाळतो.

रविवार, त्यानंतर लगेच
अक्षर वाकडं येतंय, धावल्यामुळे.

घटनाक्रम असा. बाकीची मंडळी भिंतीभिंतीतून फोटो काढत होती. मी एका उंच ओट्यावर चढून टाळ्या वाजवल्या. कोणी पाहिलं नाही. हाका मारल्या. एकाने हात हलवला आणि माझाच फोटो काढला. सौ.चं मडकं डोळ्यांसमोर आलं. खिशात हात गेला. शाळेत एकत्र या म्हणायला मी दोन शिट्ट्या द्यायचो. आखूड, लागोपाठ. दिल्या.

माणसं नाही आली. बस निघाली.

सिटी बसमध्ये कंडक्टरच्या दोन शिट्ट्या म्हणजे चला. हे मला ठाऊक नव्हतं असं नाही, पण शाळेच्या दोन आणि बसच्या दोन एकच, हे त्या क्षणी लक्षात आलं नाही. आणि ड्रायव्हरच्या पायाला उभ्या जन्माची सवय. मी मागे धावलो. थांबवायला पुन्हा शिट्टी वाजवली. घाबरून पुन्हा दोनच वाजल्या. बसने वेग घेतला.

स्टॅमिना अजून उत्तम आहे, एवढं मात्र कळलं.

रविवार, तिसरा प्रहर
अवशेषांतच. ड्रायव्हर गाडी चालवताना फोन उचलत नाही. शिस्तीचा माणूस. सौ.ला फोन लावला. माझ्या खिशात वाजला. छत्रीवाली माझ्याकडे बघत नाही. नवीन लग्न झालेलं एक जोडपं बघतंय, पण त्यापेक्षा न बघणं बरं. मंडळींचं मन रमावं म्हणून हलके व्यायाम सुचवले. कोणी केले नाहीत. मी केले.

ड्रायव्हरचा फोन आला. तो थेट कुंभारांच्या गावात पोहोचला आणि वळून पाहिल्यावर गाडी निम्मी रिकामी, उरलेले सगळे झोपेत. बसलेल्यांना तिथे उतरवून आम्हाला न्यायला येतोय. म्हणजे सौ. तिथे पोहोचलीसुद्धा! आणि तिला पाऊण तास नाही, अख्खी दुपार मिळणार. मी तसा विचार केला नव्हता, पण परिणाम बघायचा असतो. छत्रीवालीला हे समजावून सांगितलं. ती छत्री उघडून लांब जाऊन बसली.

रविवार, सूर्यास्ताच्या आसपास, कुंभारांच्या गावात
पोहोचलो. आमच्या निम्म्या लोकांना आता काही बघायला वेळ नाही, फक्त उतरून परत चढायचं. थोडी कुरकूर झाली.

सौ. अंगणात चाकावर बसली होती. कोपरापर्यंत माती. गालाला माती. कुंभारीणबाई शेजारी बसून हाताने नुसती खूण करत होत्या, हळू, हळू. मी चला म्हणालो. सौ.ने मान वर केली नाही. थांबा म्हणाली. आमच्या घरात हा शब्द मी वापरतो. मी थांबलो. मडकं तिच्या हातात वर येत होतं, गळ्याशी जरा वाकडं होतं, आणि ती हसत होती. हे हसू मी किती वर्षांत पाहिलं नव्हतं. मला गलबलून आलं.

ते दोऱ्याने कापून फळीवर ठेवलं. ती हात धुवायला हौदावर गेली. ड्रायव्हर हॉर्न देत होता. मंडळी चढली होती. सगळ्यांचा उशीर माझ्यामुळे झाला असं म्हणत होते, मग निदान शेवटी तरी मी वेळ वाचवावा, असं वाटलं. तिची धावपळ नको म्हणून मडकं मीच बसमध्ये नेऊन ठेवावं.

उचललं.

सोमवार, ११ नोव्हेंबर
मडकं मुळातच ओलं होतं. ओलं मडकं फळीवर उघडं का ठेवतात? ते वाळवून, भाजून मग घरपोच मिळणार होतं, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. सौ.ला सांगितलं होतं, पण ती हात धुवत होती. माझे दोन्ही अंगठे आरपार गेले. मी ते पुन्हा गोल करायचा प्रयत्न केला, त्याने जास्त झालं.

ती रागावली असती तर बरं झालं असतं. हौदावरून आली, माझ्या हातातल्या गोळ्याकडे पाहिलं, पदराला हात पुसले आणि बसमध्ये जाऊन कॅशियरच्या आईशेजारी बसली. घरी आल्यावर म्हणाली, भात लावू का.

बुधवार, १३ नोव्हेंबर
भरपाई केली. बाजारातून तयार मडकं आणलं. तिच्यापेक्षा मोठं, गुळगुळीत, गळा एकदम सरळ. टेबलावर ठेवलं. संध्याकाळी बघतो तर त्यात कांदे. वापरायला काढलं म्हणजे आवडलं असणार.

तिने तिचा फोन मागून घेतला. हरवेल म्हटलं. हरवू दे म्हणाली.

गुरुवार, १४ नोव्हेंबर
टूर ऑफिसला फोन. दर रविवारी मंडळींना शिस्त लावायला विनामूल्य येईन, असा प्रस्ताव ठेवला. वयस्कर माणसाने ‘दर रविवारी?’ असं दोनदा विचारलं. भारावला असावा. मग म्हणाला, फोन मालकांकडे देतो. मालकांनी उचलला नाही. लाईन खराब असेल.

शनिवार, १६ नोव्हेंबर
सौ.ने पुन्हा बुकिंग केलंय! उद्याचं. लेकीकडून कळलं. मी लगेच तयारीला लागलो. या वेळी शिट्टी लेकीच्या घरी नेऊन दिली, स्वतःहून. विणकराकडे हात खिशात. मडक्याला हात लावणार नाही, चिमट्यानेसुद्धा. सौ.ला हे सगळं वाचून दाखवलं. तिने ऐकून घेतलं. चेहरा जरा पडल्यासारखा वाटला. दमली असेल.

रविवार, १७ नोव्हेंबर. सकाळ
लवकर निघालो. तिला म्हटलं, तू ये सावकाश, मी पुढे होऊन जागा धरतो. थोड्या वेळाने ती आली. तीच सुती साडी, डाग तसेच. बस आली. कॅशियरची आई खिडकीतून हात हलवत होती. सौ. चढली. मी पायरीवर पाय ठेवला. छत्रीवाली आडवी आली. फार नम्रपणे म्हणाली, बुकिंग एकाच सीटचं आहे.

मी म्हटलं, चूक झाली असेल, ऑफिसचा कारभार. सौ. वळली. हळू आवाजात म्हणाली, चूक नाही. मीच एक सांगितली. मला ते मडकं पुरं करायचंय हो. तुम्ही असलात की माझं लक्ष मडक्यात राहत नाही, तुमच्यात राहतं. डबा झाकून ठेवलाय, जेवून घ्या. आणि दुपारपासून चौकात येऊन उभे राहू नका.

मी बरं म्हणालो. दार लागलं. मी बसबरोबर थोडा चाललो, मग बस पुढे गेली. ती कॅशियरच्या आईशी बोलत होती. मागे पाहिलं नाही. फार वाईट वाटलं. तिच्यावर राग नाही आला, हे आणखी वाईट.

रविवार, तिसरा प्रहर, जिन्यात
पहाटे पुढे व्हायच्या गडबडीत मी किल्ली घेतली नाही. दार तिने लावलं. किल्ली तिच्या पर्समध्ये, पर्स बसमध्ये. डबा आत. खालच्या मजल्यावरचा विचारून गेला, सावधान, काय झालं? मी म्हटलं, काही नाही, बसलोय.

तिला फोन करायला काढला होता. आत्ता चाकावर बसली असेल. परत खिशात ठेवला.