धानाची खोली आणि मेघाचे ड्रम

मी, रंभाबाई मारोतराव कापगते, राहणार सानगडी, तालुका साकोली, जिल्हा भंडारा, वय ऐंशीच्या पुढचे, स्वखुशीने हे सांगते. डोके ठिकाणावर आहे. गुडघे नाहीत, पण कायद्याला गुडघे लागत नाहीत असे वकीलबाई शुभांगी म्हणतात. मला अक्षर येत नाही. मी बोलते, त्या लिहितात. याआधी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही. आज घाईने करते, कारण दारात बँडवाल्या भय्याजीचा टेम्पो उभा आहे.

१. राहते घर आणि तलावाखालच्या धानाच्या शेताच्या बांध्या मुलगा धर्मेंद्र याला. त्याने माझी सेवा केली, आणि माझ्यावर ओरडलाही. दुसरे माफ.

२. अंगणापलीकडची धानाची खोली धर्मेंद्रची मुलगी, माझी नात मेघा हिला. धर्मेंद्रला तिथे किराणा दुकान काढायचे आहे. बाबू, गावात दुकाने पुष्कळ आहेत. ड्रम वाजवणारी पोरगी एकच आहे.

३. त्या खोलीतला ड्रमसंच माझा आहे, मेघाचा नाही, हे नीट लिहावे. माझ्या हातातले चांदीचे गोट मोडून मी तो घेतला. लहानपणी ही पोरगी तेलाच्या पिप्यावर आणि माझ्या सुपावर काड्यांनी बडवायची. सुपे फाटली, पोरगी थांबली नाही. भय्याजीच्या लग्नाच्या बँडात जाते म्हणाली, तेव्हा तो म्हणाला, "काकू, पोरगी ढोल वाजवन त वराती नवरदेवाकडे पायतीन का हिच्याकडे?"

मी म्हटले, "तुह्या बँडाकडे त आताही कोनी पाहात नाही."

मग मेघा नागपूरला शिकायला गेली आणि तीन पोरांसोबत रॉक बँड काढला. पुढे पोरे उड्या मारायची, मेघा मागे बसायची. पण तिचा हात थांबला की तिघेही थांबत, हे मी फोनवर पाहिले आहे. पुणे, बंगलोर, कुठे कुठे पहाडात जाऊन वाजवले. मग गाणाऱ्या पोराने तिच्या जागी यंत्र आणले. यंत्र जेवत नाही, भांडत नाही. गेल्या दिवाळीत ती संच घेऊन घरी आली, ताडपत्रीखाली झाकला आणि साकोलीला मोबाइलच्या दुकानात लागली. काल म्हणाली, "आजी, भय्याजी घेऊन जातो म्हनते. त्यालेच देऊन टाकू. माह्याकडून होऊन नाही राहिलं."

म्हणून लिहा: मी जिवंत असेपर्यंत संच विकायचा नाही. माझ्यामागे तो मेघाचा. मग विकायचा तर विक, पण आधी एकदा मला बसल्या बसल्या ऐकू दे. आडवी झाल्यावर वाजवायला भय्याजी आहेच.

४. भय्याजीला मी कानात घालायला कापसाचे दोन बोळे ठेवणार होते. साक्षीदाराला काही ठेवू नये, असे वकीलबाई म्हणाल्या. म्हणून बोळे त्याच्या हातात आताच दिले. हसला, आणि साक्षीला बसला.

५. वकीलबाईंनी विचारले, "संच चालू आहे का? कागदात लिहावं लागते."

मला काय माहीत? मेघाला म्हटले, "जाय, वाजवून पाय. खोटं लिहिलं त मले या वयात जेलात टाकतीन."

"आजी, तुही लबाडी समजते मले."

"समजते त लवकर जाय."

गेली. ताडपत्री ओढल्याचा आवाज आला. एक ठोका पडला. मग स्टूल ओढल्याचा, पेच आवळल्याचा आवाज.

मग सुरू झाली.

मांडणीवरची भांडी, गंज, सगळे खणखणायला लागले. धर्मेंद्र अंगणात आला, ओरडायला तोंड उघडले आणि तसाच उभा राहिला. भय्याजीने बोळे खिशात टाकले, आणि टेम्पोवाल्याला हातानेच सांगितले की जा.

लिहा: संच चालू आहे.

हा कागद मला वाचून दाखवला. ओरडून वाचावा लागला, कारण पोरगी थांबेना. सगळे मान्य आहे. खाली माझा डाव्या हाताचा अंगठा आहे, तो फराटला आहे. उद्या कोणी म्हणेल की म्हातारीचा हात कापत होता, तर हेही लिहून ठेवा: हात स्थिर होता. टेबल हलत होते.

अंगठा : रंभाबाई मारोतराव कापगते

लिहिणार : अॅड. शुभांगी, साकोली

साक्षीदार :
१. रत्नाबाई, शेजारीण (सही)
२. भय्याजी, बँडवाले (सही). अंगठा माझ्यासमोर उमटवला. टेबल हलत होते, हे खरे आहे.

स्थळ : सानगडी
दिनांक : १७ फेब्रुवारी २०२५