सरांनी दिलेली जबान

सर, तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली. मी अजून माहितीपट बनवते, अजून अनोळखी घरांत शिरून लोकांना जड गोष्टी विचारते. गेल्या आठवड्यात जालन्याच्या एका कॉलेजात एका मुलीनं विचारलं, “मॅडम, लोकांची परवानगी कशी घेता?” मी छान उत्तर दिलं. टाळ्या पडल्या. खाली बसले आणि तुम्ही आठवलात.

टेंभुर्णीच्या शाळेत तुम्ही मला शिकवलंत, पुढं तुमची बदली धावड्याला झाली. शाळा सोडवून लग्न लावून दिलेल्या मुलींवर मी पहिली फिल्म करत होते, तेव्हा तिथं मला कुणी दारात उभं केलं नसतं. तुम्हीच मोटारसायकलवरून घरोघर नेलंत. तुमच्या वर्गातल्या एका मुलीची आई चुलीपाशी भाकरी थापते आहे. “सर आले म्हणून बोलते,” ती म्हणते, “पण माझं तोंड दिसू देऊ नका. पोरीला नांदायचंय.” मी काही बोलायच्या आत तुम्ही म्हणता, “बिलकुल दिसणार न्हाई, ताई. माझी जबान हाय.” मग ती बोलली. लग्नाच्या आदल्या दिवशी पोरीनं दप्तर धान्याच्या कोठीत लपवलं होतं, हे सांगताना तिचा हात परातीतच थांबला. चेहरा नंतर झाकायचा, असं ठरलं होतं. एडिटिंगला झाकून पाहिला, तर प्रसंगातला जीवच गेला. मी चेहरा ठेवला. पुण्यात दाखवलेलं गावात कोण बघणार, अशी स्वतःची समजूत घातली.

कुणीतरी तेवढा तुकडा मोबाइलवर गावात पाठवला. सासरच्यांनी मुलीला माहेरी आणून सोडलं. तुम्ही तिच्या सासरी किती खेटे घातलेत, चूक स्वतःचीच म्हणून सांगितलंत, तेव्हा कुठं ती परत नांदायला गेली. हे मला राजूरच्या स्टँडवर तुमच्याच तोंडून कळलं. मी माफी मागायला लागले, तर तुम्ही थांबवलंत. “तुला बोलून काय करू? तू पुण्याला निघून जाशील. मला इथंच राह्यचंय. ती ताई मला बघून दार लावून घेऊन राह्यली.” मग तुम्ही माझ्यासाठी चहा सांगितलात. त्या फिल्मला पुढं बक्षीस मिळालं, तेही मी तुम्हाला कळवलं नाही.

तुम्ही गेलात तेव्हा तुमच्या मुलाचा फोन आला होता. शूटिंगवर आहे, पोचणं जमणार नाही, असं मी त्याला सांगितलं. त्याला खरं कळवावं म्हणून लिहायला बसले आणि तुमच्याशीच बोलत राहिले; हे मी पाठवणार नाही. शूटिंग नव्हतं, सर. मी घरीच होते. त्या मुलीची आई तुमच्या दारात भेटेल, या भीतीनं मी आले नाही.