रेक्सच्या गाड्या

॥ श्री मन्मथस्वामी प्रसन्न ॥

धारूर, २१ जानेवारी २०२५

चि. रुद्राणीस,
अ. उ. आशीर्वाद.

पत्र पाहून घाबरू नकोस, घरात सगळे धडधाकट आहेत. फोन करत नाही, कारण तीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काढल्यावर मला पक्कं ठाऊक आहे की चार खोल्यांच्या घरात फोनवर काहीच लपत नाही. अर्धांगाच्या झटक्यात तुझ्या आजोबांचा उजवा हात गेला असेल, कान शाबूत आहेत.

संक्रांतीला दोन दिवस आलीस, तिळगूळ खाल्लास आणि जाताना त्या गेममध्ये काय करून गेलीस? दिवाळीत तू ते मोटारींच्या शर्यतीचं यंत्र आणि टेबलाला अडकवायचं स्टिअरिंग आणलंस, तेव्हा मी नाक मुरडलं होतं. पण बधिर हाताला काहीतरी धरायला द्या असं हरिओमच म्हणाला होता. केजहून दर मंगळवारी व्यायाम घ्यायला येणारा माणूस तो, त्याला जास्त कळतं म्हणून गप्प बसले. रोज अकराला तुझे आजोबा स्टिअरिंग धरून बसायचे. पहिल्याच रस्त्यावर आठ गाड्यांत आठवे. मग सातवे. डिसेंबरात एकदा सहावे आले, त्या दिवशी मला शिरा करायला लावला.

तू गेल्यावर यंत्र लावलं तर सगळे रस्ते उघडे, चाळीस गाड्या हजर, सगळे कप सोनेरी आणि वर शंभर टक्के. आकडे त्यांना कळतात, जन्म दुकानात गेला. जिंकणाऱ्याचं नाव इंग्रजीत होतं. कॉन्व्हेंटवाल्या बाई, जरा वाचा, कुणाचं नाव हाय, म्हणून हाक मारली. तिथे लिहिलं होतं रेक्स. कुत्र्याला ठेवावं तसं नाव. मी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं आणि त्यांचंच नाव वाचलं, कल्याणराव.

का, ते विचारू नकोस. शाळेत सिस्टरांनी दहा वर्षं छडी घेऊन जे शिकवलं ते तिथेच संपलं. हे म्हणाले, मग मीच जिंकलेलो असणार, झटका आल्यापासून ध्यानात राहत न्हाई. त्या नव्या गाड्या इतक्या वेगवान की आता ते खरोखर पहिले येतात. याचा खुलासा कर.

माया आहे, पण या पत्रापुरती आवरती घेतली आहे.

तुझी आजी,
गंगासागर

पुणे, २७ जानेवारी २०२५

ती. आजीस,
शि. सा. शरणार्थ.

तुझं पत्र ऑफिसच्या पत्त्यावर आलं. आमच्याकडे कुणाला हाताने लिहिलेलं पाकीट येत नाही, त्यामुळे दोघीतिघींनी माझं लग्न ठरलं का असं विचारलं.

चूक माझीच आहे. खेळ जिथवर आलाय त्याची यंत्रात नोंद राहते, तिला सेव्ह फाइल म्हणतात. काही लोक अख्खा खेळ जिंकून आपली फाइल इंटरनेटवर ठेवतात. ती आपल्या यंत्रात घातली की त्यांनी जिंकलेलं सगळं आपल्याला वापरता येतं. तो रेक्स कोण, कुठला, मला माहीत नाही.

संक्रांतीला तू देवळात गेली होतीस तेव्हा आजोबांचा हात तीनदा स्टिअरिंगवरून घसरला. मग ते शर्यत चालूच ठेवून पडद्याकडे बघत बसले. दहा मिनिटं. चिडले नाहीत, काही नाही. गाडी भिंतीला घासत उभी होती. ते मला बघवलं नाही. फाइल घातली आणि एवढंच म्हणाले की आजोबा, आता सगळं उघडलं. तिथे एकाच फाइलची जागा होती. त्यांचा सहावा नंबर त्यात पुसला गेला, हे तुझं पत्र वाचेपर्यंत माझ्या डोक्यातही आलं नव्हतं.

आजी, पाया पडते, त्यांना सांगू नकोस. परवा फोनवर किती बोलत होते. आणि तू खोटं बोललीस! मी सहावीत असताना मार्क वाढवून सांगितले म्हणून तू माझ्याशी दिवसभर बोलली नव्हतीस.

रागावलीस तरी दूर लोटू नकोस.

तुझी,
रुद्राणी

धारूर, ४ फेब्रुवारी २०२५

चि. रुद्राणीस,
अ. उ. आशीर्वाद.

तुझा खुलासा मिळाला. इकडची प्रगती ऐक. व्यायामाचा रबरी चेंडू दाबणं यांनी बंद केलं आहे. हरिओमला सांगितलं, हात झाला बरा, आता कावून दाबत बसू? बाजारात चार जणांना सांगून झालं. काल शहादेव मेकॅनिकला बोलावून वर्षभर पत्र्याखाली उभ्या असलेल्या व्हॅनला नवी बॅटरी घातली. बारा तारखेला दिंद्रुडला विठ्ठलरावांच्या नातीचं लग्न आहे. चाळीस वर्षांचा दोस्त, तिथे हे स्वतः गाडी चालवत जाणार. घाट उतरून.

परवा उकळत्या चहाचा पेला उजव्या हातात धरला. तळवा लालभडक झाला तरी यांना पत्ता नाही, मीच पेला काढून घेतला. हा हात घाटात वळण घेणार आहे.

किल्ली मी ज्वारीच्या पिठाच्या डब्यात लपवली आहे. मी नको म्हटलं तर म्हणतात, तूच वाचलंस ना नाव? की तुला माझं बरं झालेलं बघवंना? तीस वर्षं उलट उत्तर दिल्याशिवाय मी एक कॉल जोडला नाही, इथे मात्र पिठाचा डबा वरच्या फळीवर सरकवला.

तू लिहितेस सांगू नकोस. नऊ तारखेला रविवार आहे, त्या दिवशी सांगणार आहे. मला तुझी परवानगी नको, कुणाला तरी आधी कळवायचं होतं एवढंच.

जेवत जा वेळेवर. बाकी प्रेम आहेच.

आजी

पुणे, ८ फेब्रुवारी २०२५

ती. आजीस,
शि. सा. शरणार्थ.

तू सांगू नकोस. फाइल मी घातली, मीच येऊन सांगते. पुढच्या शनिवारी, पंधराला निघते, तोवर थांब आणि किल्ली डब्यातच राहू दे.

तुझीच,
रुद्राणी

धारूर, २४ फेब्रुवारी २०२५

चि. रुद्राणीस,
अ. उ. आशीर्वाद.

तुझं पत्र हातात पडलं तोवर मी बोलून चुकले होते. तू आलीस ते दोन दिवस घरात कुणी धड बोललं नाही, म्हणून आता सगळं लिहिते.

रविवारी यंत्र लावलं आणि नाव पुन्हा वाचलं, एकेक अक्षर बोटाने दाखवून. यांनी एकच विचारलं, पहिल्या दिवशी बी हेच दिसलं होतं का? मी हो म्हटलं. मग तुझं नाव सांगितलं. त्यांनी यंत्र बंद केलं. किल्ली परत मागितली नाही.

लग्नाला एसटीने गेलो. माझ्या शेजारची जागा रिकामी होती तरी हे पुढच्या बाकावर खिडकीशी बसले. घाट उतरेपर्यंत मी त्यांची मान बघत होते. गाडी का आणली न्हाई बे, असं विठ्ठलरावांनी विचारलं, तर बॅटरी उतरली म्हणाले. नवी कोरी बॅटरी.

त्यानंतर शेजारच्या छबुबाईंची सून सायली दिवसातून दोनदा येऊ लागली. गोळ्यांच्या पाकिटावरची नावं, लाइट बिल, मोबाइलवरचे मेसेज, इंग्रजी असेल ते सगळं ती वाचते. मी समोर बसलेली असते. त्यांनी आवाज चढवला नाही, ताट सरकवलं नाही. मला वाईट वाटायला हवं होतं. मी भाकरी थापत राहिले. तव्यावर किती झाल्या तेही कळलं नाही, नऊ झाल्या, आम्ही दोघंच.

तू आलीस तेव्हा त्यांनी तुला त्या माणसाच्या गाड्या त्याला देऊन टाक म्हणून सांगितलं आणि तू फाइल पुसलीस, ते बरं केलंस. आता पहिल्या रस्त्यावर असतात. नंबर सांगत नाहीत, मी विचारत नाही. चेंडू पुन्हा दाबतात.

परवा शहादेवबरोबर बीडला तपासणीला जाऊन आले. तिथून दोन पानी कागद मिळाला होता. सायली दारातच होती, तिला म्हणाले, जा पोरी, आज न्हाई. आत येऊन कागद माझ्यापुढे ठेवला. मी चष्मा शोधत होते तेव्हा म्हणाले, ती लेकरू हाय, माझं तोंड बघून खोटं वाचील. तुझं एकदा वाचून झालंय.

मी वाचलं. उजव्या हाताची संवेदना यापुढे परत येण्याची शक्यता नाही. व्यायामाने जोर थोडा वाढू शकतो. वाहन चालवू नये. इंग्रजी वाचलं, मग मराठीत सांगितलं. शब्द गाळला नाही, आवाजही बदलला नाही. आणि वर पाहिलं नाही.

पुढं काय हाय, म्हणाले. पुढे सही आहे, मी म्हटलं. कागद उलटा करून मागची बाजू दाखवली, कोरी होती. बरं, म्हणाले.

आज सकाळी लाइट बिलाचा मेसेज आला तर मोबाइल माझ्यापुढे धरला.

एवढंच. तुझ्यावरची माया होती तेवढीच आहे, तूही हात आखडू नकोस.

तुझी आजी,
गंगासागर