खुरमी हरिणीच्या रानाची वाटणी

मी, कौमुदी अनंतराव खानझोडे, वय एकाहत्तर, सरकारी कचेरीतून वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त, राहणार पुरानी बस्ती, रायपूर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. डॉ. यामिनी यांनी तपासून तसा दाखला दिला असून तो सोबत जोडला आहे. शरीराबद्दल मात्र तसा दाखला कोणी देणार नाही. स्वादुपिंडाचा आजार आहे आणि डॉक्टरांनी उन्हाळ्यापुढचे काही सांगितलेले नाही. मला कोणी शिकवलेले नाही, कोणी धाक दाखवलेला नाही. लिहायला तीन दिवस लागले, कारण मध्ये मध्ये पडून राहावे लागले.

वकील भावनाताई म्हणाल्या, "आंटी, हिंदी में लिख दीजिए, रजिस्ट्री में आसान रहेगा." हिंदी भाषांतर त्यांनी करावे. ज्या व्यक्तीने हे वाचावे अशी माझी इच्छा आहे तिच्याशी मी मराठीतच वाईट बोलले होते, म्हणून हेही मराठीतच.

१. जून २०२३ मध्ये मी एक मृत्युपत्र केले होते. ते या लेखाने रद्द समजावे. त्यात "माझी सून पूर्णिमा हिला सुईसुद्धा मिळू नये" असे वाक्य आहे. वकिलांनी ते गाळायला सांगितले होते, मी हट्टाने ठेवले. ते वाक्य कोणी वाचण्याआधी तो कागद फाडावा.

२. माझे पती अनंतराव रेल्वेच्या मालधक्क्यावर बाबू होते, ते २०१२ साली वारले. आम्हाला एकच मुलगा, अभिनव. तो सिलतऱ्याच्या एका कारखान्यात इंजिनियर होता. १९ एप्रिल २०२१ रोजी, छत्तिसाव्या वर्षी, करोनाने गेला. त्याची पत्नी पूर्णिमा, माहेर राजनांदगाव. त्यांची मुलगी अनुश्री, आता अकरा वर्षांची. पूर्णिमेने २०२३ मध्ये श्री. प्रफुल्ल वैरागडे यांच्याशी लग्न केले व त्या मायलेकी भिलाईला राहतात. रायपूरहून तासाभराची वाट आहे. मी ती अडीच वर्षांत एकदाही चालले नाही.

३. राहते घर माझ्या नावावर आहे. खालचा मजला अनुश्रीला. वरच्या दोन खोल्या व गच्ची पूर्णिमेला, कारण तिचा संसार तिथे होता. तिने दुसरे लग्न केले या कारणावरून कोणी हरकत घेतल्यास ती ऐकू नये. अनुश्री सज्ञान होईपर्यंत तिच्या हिश्शाची देखरेख पूर्णिमेने करावी. घर विकायचे झाले तर खुशाल विकावे. भिंतींना जीव लावून बसायला मी मागे कोणाला ठेवत नाही.

४. बँकेतील ठेवी अनुश्रीच्या शिक्षणासाठी. पाटल्या व मोहनमाळ पूर्णिमेला. पाटल्या तिला लग्नातच घालायच्या होत्या. "पुढच्या वर्षी देऊ" असे मी दहा वर्षे म्हणत राहिले.

५. माझे दीर शंकरराव यांनी १९९८ साली आमची सागवानी शिडी रंगकामासाठी नेली, ती परत आणली नाही. पुढे अनंतरावांच्या तेराव्याला ते पाहुण्यांत म्हणाले होते, "एका पोराची माय हाय, हे घर फिरून आपल्याकडेच येईन." घर येणार नाही. शिडी मी त्यांना दिली असे समजावे.

६. अनंतरावांची हत्यारांची पेटी, म्हणजे पाने, कैची, कानस आणि त्यांनी स्वतः बनवलेली छोटी ऐरण, श्री. प्रफुल्ल वैरागडे यांना. त्यांना मी पाहिलेले नाही. त्यांच्या लग्नाची पत्रिका मी पोस्टमनला परत दिली होती. त्यांचा आवाज मात्र एकदा फोनवर मागून ऐकला, तो प्रसंग पुढे आहे. त्यावरून वाटते की हत्यारे चांगल्या हाती जातील.

७. अभिनवचा टॅबलेट व त्यातील खेळ. हे कलम लांब आहे. वकिलांनी ते पुरवणीत टाकण्याचा सल्ला दिला, मी नाकारला.

२०२०च्या टाळेबंदीत अनू पाच वर्षांची होती. घराबाहेर जाता येईना म्हणून अभिनवने टॅबलेटवर एक खेळ घेतला. त्यात मारामारी नाही, जिंकणे-हरणे नाही. रानाच्या कडेला एक खोपटे असते. दगडी थाळीत खाऊ ठेवायचा की रानातली जनावरे येतात. प्रत्येकाची आवड वेगळी. हरणाला भूछत्री, कोल्ह्याला बोरे, पाणमांजराला मासा. रोज ठेवले तर ती रोज थोडी जवळ येतात आणि काही महिन्यांनी हातातून खातात. ज्याने खाऊ ठेवला त्याच्या पावलांचे ठसे ओल्या मातीत दिवसभर दिसतात. अभिनवने त्यात आम्हा तिघांच्या आकृत्या केल्या होत्या. अनूला पिवळा रेनकोट, मला निळे लुगडे नाही म्हणून निळा झगा, आणि स्वतःला चष्मा. पूर्णिमेची आकृती करायची राहिली. ती स्वयंपाकघरात असे.

मी आधी चिडले होते. "अंगणातल्या चिमण्यायले दाणे टाकाची फुरसत नाही, आन् या खोट्या कोल्ह्याचं पोट भरून राहिला?"

अभिनव हसला. "आई, बस तं खरी. धावू नको त्याच्यामागं. ठेव आन् मागं सर."

मी धावायचे. जनावर पळून जायचे आणि पंधरा दिवसांची ओळख पुसली जायची. अनू ओरडायची, "आजी, मत भाग ना! वो डरता है!" मराठी तिला सारे समजते, उत्तर हिंदीत येते. जनावरांना नावे तिनेच दिली. हरिणी खुरमी, कोल्हा ठेठरी, पाणमांजर फरा. सगळी आमच्या इथल्या पोळ्याच्या-तीजेच्या फराळाची. खुरमी सर्वांत भित्री होती. एका कानाला चीर पडलेली. तिने अभिनवच्या हातून कधी खाल्ले नाही.

डिसेंबर २०२२ मध्ये पूर्णिमा अनूला घेऊन या घरातून गेली. का गेली ते आठव्या कलमात आहे. तिच्या लग्नानंतर तिचा फोन आला तेव्हा मी म्हणाले, "पुन्हा या नंबरवर फोन करू नको." तिने केला नाही.

त्या पावसाळ्यात अभिनवचे फोटो पाहावे म्हणून मी टॅबलेट चार्ज केला आणि चुकून खेळ उघडला. अभिनवची आकृती खोपट्यात खुर्चीवर झोपलेली होती. जो बरेच दिवस खेळत नाही तो त्यात असा झोपतो. मी बंदच करणार होते, तेवढ्यात थाळी दिसली. ती भरलेली होती. मातीत लहान बुटांचे ठसे होते.

अनू तिच्या आईच्या मोबाईलवरून त्याच रानात येत होती. खेळात बोलता येत नाही, लिहिता येत नाही. फक्त हात हलवता येतो आणि बसता येते. मी भूछत्री शोधून आणली, ठेवली आणि मागे सरले. दुसऱ्या दिवशी सकाळी तिच्या ठशांशेजारी थाळीत दोन मासे होते. तेव्हापासून रोज हेच. सकाळी औषध घेण्याआधी मी टॅबलेट उघडत असे. ठसे दिसले की दिवस सरे.

गेल्या वैशाखात, शाळेला सुट्टी असताना, आम्ही दोघी एकदम रानात आलो. पिवळा रेनकोट ओंडक्यावर बसला होता. मी हात हलवला. तिनेही हलवला. मी शेजारी जाऊन बसले. खुरमी झाडांतून बाहेर आली, बराच वेळ उभी राहिली आणि आमच्या दोघींच्या मध्ये येऊन बसली. अभिनवला जे जमले नाही ते त्या दिवशी झाले. मी देवघरात साखर ठेवली आणि शेजारच्या गोदावरीबाईंना हाक मारून सांगितले, "माही नात भेटून गेली." त्या बिचाऱ्या म्हणाल्या, "कब आई थी? हमको तो दिखी नहीं."

नोव्हेंबरमध्ये मला इस्पितळात ठेवले. टॅबलेट घरी राहिला. नवव्या दिवशी अनोळखी नंबरवरून फोन आला.

"आजी? आप ठीक हो?"

अडीच वर्षांनी तो आवाज ऐकत होते. मी म्हटले, "अनू, बाळा, तुले कसं समजलं?"

"मम्मी बोली. आठ दिन से आप जंगल में नहीं आई, तो मम्मी रो रही थी."

"मम्मीले काय माहीत? खेळतं तं तू ना?"

"मैं तो कबसे नहीं खेलती, आजी. फोर्थ क्लास से. वो मम्मी खेलती है, मेरे वाले से. रोज सुबह, चाय के टाइम."

मागून एका पुरुषाचा आवाज आला, "पूर्णिमा, आधी पानी पे. मंग बोल." मग फोन पूर्णिमेने घेतला असावा, कारण श्वास ऐकू येत होता. ती बोलली नाही. मीही बोलले नाही. नर्स आली आणि तिने माझ्या हातातून फोन घेऊन ठेवला.

म्हणजे दोन वर्षे थाळी भरणारी ती होती. ओंडक्यावर ती बसली होती. मी हात हलवला तेव्हा समोर कोण आहे हे तिला माहीत होते. मला नव्हते.

टॅबलेट व ते रान पूर्णिमेला. खाऊ घालायचा की नाही, अभिनवच्या आकृतीला उठवायचे की झोपू द्यायचे, हे तिने ठरवावे. दुसऱ्या कोणाचा त्यावर हक्क नाही, माझाही नव्हता.

८. पुढील निवेदन मी शपथेवर करीत आहे. हे मी आजवर कोणालाही सांगितलेले नाही.

३ एप्रिल २०२१ रोजी पूर्णिमा वडिलांना पाहायला राजनांदगावला गेली. तिचे वडील पडले होते. ती ५ तारखेला संध्याकाळी परतली. ८ तारखेला अभिनवला ताप आला. अकरा दिवसांत सगळे संपले. त्याचे तोंडही आम्हाला नीट पाहू दिले नाही.

तेराव्या दिवशी समोरच्या खोलीत चार नातेवाईक बसले असताना मी म्हणाले, "माहेरून आणला हिनं हा रोग. माह्या पोराले खाल्लं."

पूर्णिमा दारात उभी होती. ती म्हणाली, "आई, मले तं ताप बी नव्हता. टेस्ट बी चांगली आली होती."

मी म्हणाले, "तुले नसंन आला. आणला तं तूनंच."

त्यानंतर दीड वर्ष ती या घरात राहिली, माझे जेवण वाढत राहिली, आणि मी येणाऱ्या-जाणाऱ्याला तेच सांगत राहिले. तिच्या आईलाही फोन करून सांगितले.

सत्य असे आहे. २ एप्रिलला मी, अभिनवने मना केले असताना, कचेरीतल्या जुन्या मैत्रिणीच्या घरी उद्यापनाला गेले. ४ तारखेला माझा घसा धरला. पूर्णिमा तेव्हा राजनांदगावलाच होती. दुपारी थर्मामीटर लावला, एकशे एक होता. मी तो झटकून डबीत ठेवला आणि गोळी घेतली. अभिनवला कळले असते तर त्याने मला वरच्या खोलीत एकटे ठेवले असते, मला बोलणी खावी लागली असती, एवढेच माझ्या मनात होते. संध्याकाळी त्याला चहा करून दिला. रात्री एकाच ताटावरून शेंगदाण्याची चटणी घेतली. ६ तारखेला मला वरणाची चव लागेना. तेव्हा माझ्या लक्षात आले होते. मी पूर्णिमेला म्हणाले, "वरणात मीठ नाही." तिने मुकाट्याने मीठ आणून दिले.

रोग कोणाकडून आला हे सिद्ध करता येत नाही. अभिनव कारखान्यातही जात होता. पण घरात ताप आधी मला आला होता, हे मला माहीत होते आणि मी दुसरीला दोष दिला. मी तो दोष उचलू शकले नसते असे वाटले, म्हणून तिच्या डोक्यावर ठेवला. तिने तो पाच वर्षे उचलला.

ज्यांच्या ज्यांच्याजवळ मी ते बोलले त्यांची नावे सोबतच्या कागदावर आहेत. सात आहेत. भावनाताईंनी या कलमाची प्रत प्रत्येकाला पोचवावी. पहिली प्रत पूर्णिमेच्या आईला.

९. माझ्या मागे तेरावे करू नये. चार माणसे समोरच्या खोलीत बसवून काय बोलले जाते ते मी पाहिले आहे. अग्नी अनुश्रीने द्यावा, तिची व तिच्या आईची इच्छा असल्यास. नसल्यास मारवाडी श्मशानातले लोक देतील, त्यांना ते काम येते.

१०. या मृत्युपत्राची अंमलबजावणी भावनाताई करतील. मूळ प्रत त्यांच्याकडे राहील. दुसरी प्रत आज सही झाल्याबरोबर रजिस्टर पोस्टाने भिलाईला पूर्णिमेकडे जाईल.

भावनाताई म्हणाल्या, "आंटी, वसीयत मरने के बाद खोलते हैं. अभी क्यों भेज रही हैं?" त्यांना जे उत्तर दिले ते इथे नोंदवते. मेल्यावर मागितलेल्या माफीला माणूस 'नाही' म्हणू शकत नाही. लोक म्हणतात, जाऊ दे, गेली बिचारी. पूर्णिमेला 'नाही' म्हणता आले पाहिजे. माझ्या तोंडावर म्हणता आले पाहिजे. मी या घरात सकाळ-संध्याकाळ आहे, दार नुसते लोटलेले असते. तिने यावे असे मी लिहीत नाही. ती आली नाही तरी वरील एकही कलम बदलणार नाही.

वाचून पाहिले, बरोबर आहे.

सही: कौमुदी अनंतराव खानझोडे

साक्षीदार, ज्यांच्यासमोर मी सही केली व ज्यांनी माझ्यासमोर केली:

१. गोदावरी साहू, शेजारी, पुरानी बस्ती. (साक्षीदाराच्या नावे काही लिहू नये असे वकील म्हणतात, म्हणून यांना बिडाचा तवा मी काल हातोहात दिला.)

२. डॉ. यामिनी देशकर, रायपूर.

स्थळ: रायपूर, छत्तीसगड
दिनांक: २१ जानेवारी २०२६